बेडूक कितीही धरा, संपत नाहीत?

‘मिरगाच्या पहिल्या पावसात शेत बेडकांनी भरून जातं, चार पोती नेली तरी काय फरक पडतो?’ गोव्यात जंपिंग चिकनच्या, म्हणजे बेडकाच्या मांसाच्या, ताटाभोवती हे वाक्य हमखास ऐकू येतं. डोळ्यांना दिसतंही तसंच, त्यामुळे पटतं.

पण त्या रात्री नेमकं काय घडतं? वर्षभर बांधात, चिखलात, जमिनीखाली विखुरलेले मोठे बेडूक दोन-चार रात्री एकाच डबक्यात जमतात. नर हळदीसारखे पिवळे होतात आणि गळ्याच्या निळ्या पिशव्या फुगवून माद्यांना साद घालतात. म्हणजे दिसते ती गर्दी त्या दिवशी उपजलेली नसते, आजूबाजूच्या शिवारातली वयात आलेली सगळी मंडळी ती. बॅटरीच्या झोतात पोत्यात जातात ती हीच, बहुधा अंडी घालण्याआधी.

मादी हजारोंनी अंडी घालते हे खरं. पण बहुतेक पिल्लं मासे, पक्षी आणि खुद्द मोठी भावंडंच खातात.

पडताळायचं तर त्याच बांधावर पंधरा दिवसांनी रात्री उभे राहा. पिवळा रंग गेलेला, आवाज विरळ. मग दरवर्षी पहिल्या पावसात तिथेच मोजा. शेजारच्या आजोबांनाही विचारा, पूर्वी बेडकांच्या आवाजात झोप लागायची का!

भारताने बेडकांच्या तंगड्यांची निर्यात 1987 साली थांबवली. 1972 च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने हे मोठे बेडूक धरणं गुन्हा आहे, मग ते घरच्या शेतातले का असेनात.