पॉलिमॉर्फिझम आणि टाइप सिस्टिम

पॉलिमॉर्फिझम म्हणजे बहुरूपता, एकच कोड वेगवेगळ्या टाइपच्या, म्हणजे आकडा, स्ट्रिंग (मजकूर) अशा प्रकारच्या, डेटावर चालणं. व्याख्या एवढीच, पण घोळ इथूनच सुरू होतो. जावा भाषावाल्याला विचारा, तो इनहेरिटन्स (एका क्लासने दुसऱ्याकडून वारसा घेणं) आणि ओव्हररायडिंग (वारशातली मेथड, म्हणजे क्लासमधलं फंक्शन, नव्याने लिहिणं) सांगेल, हास्केल या फंक्शनल भाषेवाला म्हणेल छे, तुम्ही ज्याला जेनेरिक्स म्हणता (टाइप मोकळा ठेवून लिहिलेला कोड) तेच खरं पॉलिमॉर्फिझम, आणि गंमत अशी की दोघंही चुकीचं सांगत नसतात, शब्द एक आणि गोष्टी वेगळ्या.

संगणकशास्त्रज्ञ ख्रिस्तोफर स्ट्रेची यांनी १९६७ सालीच दोन प्रकार वेगळे केले होते. पहिला ॲड-हॉक, नाव एक पण टाइप बघून आतलं काम बदलतं, जसं बेरजेचं चिन्ह पूर्णांकांना वेगळं आणि अपूर्णांकांना वेगळं मशीन कोड चालवतं. दुसरा पॅरामेट्रिक, म्हणजे लिस्टची लांबी मोजणारं फंक्शन, लिस्टमध्ये आकडे आहेत की स्ट्रिंग याच्याशी त्याला काही देणंघेणं नाही. जावासारख्या ऑब्जेक्ट-ओरिएंटेडवाल्यांचा तो तिसरा, सबटाइपिंग, जिथे आकार मागितला तिथे वर्तुळ दिलं तरी चालतं आणि क्षेत्रफळाची कुठली मेथड चालवायची ते रनटाइमला, म्हणजे प्रोग्रॅम चालताना, ठरतं. ही कल्पना नॉर्वेतल्या दाल आणि न्यूगार्ड यांच्या सिम्युला ६७ या भाषेतून आली.

फंक्शनल बाजूला मोठं काम रॉबिन मिल्नर यांचं, एडिनबराला एमएल भाषा करताना. त्यांच्या १९७८ च्या पेपरातली पद्धत वापरून कंपायलर (कोडचं मशीन कोडमध्ये भाषांतर करणारा प्रोग्रॅम) टाइप स्वतःच शोधून काढतो, तुम्ही एक टाइप लिहिला नाही तरी चालतं. रॉजर हिंडली यांनी जवळपास हेच लॉजिकमध्ये १९६९ साली केलेलं, म्हणून हिंडली-मिल्नर नाव पडलं.

पॅरामेट्रिकची खरी ताकद मात्र लोकांच्या लक्षात येत नाही. समजा एखादं फंक्शन कुठल्याही टाइपची लिस्ट घेतं आणि त्याच टाइपची लिस्ट परत देतं, तर आतला कोड न बघताही सांगता येतं की ते फार तर घटक गाळेल, पुन्हा घेईल किंवा क्रम बदलेल, नवीन घटक ते बनवूच शकत नाही कारण टाइप कुठला हेच त्याला ठाऊक नाही. म्हणजे जितकं कमी माहीत तितकी जास्त खात्री. जावात हे तितकं पक्कं राहत नाही, इन्स्टन्सऑफ वापरून टाइप विचारता येतो, नल (काहीच नसलेली किंमत) परत करता येतो.

सबटाइपिंग आणि जेनेरिक्स एकत्र आले की काय होतं त्याचा नमुना म्हणजे जावाचा ॲरे (ठरावीक लांबीची यादी). सुरुवातीच्या जावात जेनेरिक्स नव्हते, मग सगळ्या ॲरेंसाठी एकच सॉर्ट कसं लिहायचं, तर स्ट्रिंगचा ॲरे हा ऑब्जेक्टच्या (ज्यात कुठलीही वस्तू बसते अशा) ॲरेचा सबटाइप मानून टाकला. आता तो ऑब्जेक्टचा ॲरे म्हणून पुढे द्या आणि त्यात आकडा टाका, कंपायलर गप्प, प्रोग्रॅम चालताना ॲरेस्टोअरएक्सेप्शन ही एरर. वाचायला ठीक असतं हो, लिहिताना मोडतं. २००४ साली जावा ५ मध्ये जेनेरिक्स आले तेव्हा ही चूक टाळली, स्ट्रिंगची लिस्ट ऑब्जेक्टच्या लिस्टच्या जागी चालत नाही, आणि नवशिके नेमके यावरच वैतागतात. त्या जेनेरिक्सच्या मूळ डिझाइनमध्ये फिलिप वॅडलर होते, ज्यांनी १९८९ साली स्टीफन ब्लॉट यांच्यासोबत हास्केलसाठी टाइप क्लास (ॲड-हॉक प्रकार नीट बसवायची सोय) मांडले होते, म्हणजे दोन्ही घरचा माणूस एकच.

वॅडलर यांनीच १९९८ साली पुढच्या कोंडीला एक्स्प्रेशन प्रॉब्लेम हे नाव दिलं. क्लासच्या पद्धतीत नवा आकार जोडणं सोपं, एक क्लास लिहिला की झालं, पण सगळ्या आकारांना परिघ काढायची नवी क्रिया द्यायची तर प्रत्येक क्लास उघडावा लागतो. फंक्शनल भाषांच्या पॅटर्न मॅचिंगच्या (फंक्शनमध्येच आकार कुठला ते पाहून काम ठरवण्याच्या) पद्धतीत बरोबर उलटं, नवी क्रिया म्हणजे एक फंक्शन, नवा आकार आला की मात्र जुनी सगळी फंक्शनं दुरुस्त करत बसा.