‘एल प्रेसिदेन्ते’ की ‘फिफा अनकव्हर्ड’?

‘ती फिफाच्या भ्रष्टाचारावरची सिरीज पाहिलीस का?’ असं कुणी विचारलं की मी उलट विचारतो, सोंगाची की साक्षीची? नोव्हेंबर २०२२ मध्ये, कतार विश्वचषकाच्या तोंडावर, प्राइमवर ‘एल प्रेसिदेन्ते’चा दुसरा सीझन आणि नेटफ्लिक्सवर ‘फिफा अनकव्हर्ड’ पाठोपाठ आले. तेव्हापासून हा घोळ आहे.

‘अनकव्हर्ड’ हा चार भागांचा सरळ माहितीपट. खरी माणसं, जुनी चित्रफीत. खुद्द फिफाचे माजी अध्यक्ष सेप ब्लाटर कॅमेऱ्यासमोर बसून हात झटकतात.

‘एल प्रेसिदेन्ते’ हे नाट्य, तेही तिरकस. २०२० च्या पहिल्या सीझनचा नायक सर्जिओ हादुए. चिलीतल्या ला कालेरासारख्या छोट्या गावच्या क्लबचा हा अध्यक्ष २०११ मध्ये थेट देशाच्या फुटबॉल संघटनेच्या खुर्चीत बसला आणि बड्या धेंडांच्या पंगतीत जाऊन पोहोचला. त्याची भूमिका करणाऱ्या आंद्रेस पारा यांनी त्याचा बुजरेपणा आणि हाव इतकी बेमालूम मिसळलीय की राग येण्याआधी हसूच येतं. खरी गंमत मात्र सूत्रधाराची. गोष्ट सांगतात अर्जेंटिनाच्या फुटबॉल संघटनेचे अध्यक्ष आणि फिफातलं बडं प्रस्थ हुलिओ ग्रोंदोना. ते जुलै २०१४ मध्ये वारले आणि झ्युरिकच्या हॉटेलात फिफाच्या पदाधिकाऱ्यांची धरपकड झाली मे २०१५ मध्ये! मेलेल्याला ना कोर्टाची भीती, ना वकिलाची फी. त्यामुळे लाच कशी द्यावी-घ्यावी हे ते घरातल्या वडीलधाऱ्यासारखं समजावतात. माहितीपटात असला बेरड प्रांजळपणा कुठून आणणार?

म्हणून खरंखोटं आपणच निवडायचं. एफबीआयने वेट्रेस बनवून पेरलेली रोसारिओ हे काल्पनिक पात्र. तिच्यावरून कुणाशी पैज लावू नका. पण जुलै २०१५ मध्ये चिलीने पहिल्यांदाच कोपा अमेरिका ही दक्षिण अमेरिकेची फुटबॉल स्पर्धा जिंकली, आणि त्याच नोव्हेंबरात हादुए राजीनामा देऊन मायामीला गेला, अमेरिकन कोर्टात गुन्हा कबूल केला, हे घडलेलं. धरपकडीच्या वेळी हॉटेलच्या नोकरांनी पांढऱ्या चादरी आडव्या धरून साहेबांची तोंडं झाकली होती, हेही.

दोन्ही वाटा एकत्र येतात त्या जुआंव हॅवलांजपाशी. १९७४ ते १९९८ फिफाचे अध्यक्ष. माहितीपटात त्यांच्यापासूनची पाळंमुळं खणली आहेत. नाट्याचा दुसरा सीझन तर त्यांच्यावरच आहे. तिथे सूत्रधार कोण? आपला हादुए.