थकीत वीजबिलाचा दिवाणी दावा

बिल थकवलेल्या ग्राहकाकडून पैसे वसूल करण्यासाठी वीज वितरण कंपनी दिवाणी न्यायालयात जो दावा लावते, तो थकीत वीजबिलाचा दावा. भारतात त्याची खरी गरज पडते ती व्यावसायिक ग्राहकांच्या बाबतीत. चालू धंद्याला वीज तोडण्याची नोटीस पुरते. टाळे लागलेल्या कारखान्याला तिची भीती उरत नाही, आणि सुरक्षा ठेव वळती करूनही बाकी राहतेच.

विद्युत अधिनियम, २००३ च्या कलम ५६(१) नुसार पूर्ण १५ दिवसांची लेखी नोटीस देऊन वीजपुरवठा खंडित करता येतो. दाव्याचा हक्क त्याने जात नाही. वाद झाला तो पोटकलम (२) वरून. थकबाकी पहिल्यांदा देय झाल्यापासून २ वर्षांनी ती वसूल करता येत नाही, मात्र बिलात सलग दाखवली असेल तर येते, असे हे पोटकलम सांगते. ‘पहिल्यांदा देय’ म्हणजे वीज वापरली तेव्हा, की बिल हाती पडले तेव्हा? रहमतुल्ला खान प्रकरणात (२०२०) सर्वोच्च न्यायालयाने बिलाची तारीख धरली. प्रेम कॉटेक्स प्रकरणात (२०२१) मीटरचा गुणक (मीटरवरचे वाचन ज्या आकड्याने गुणून बिल काढतात तो) १० ऐवजी ५ नोंदला गेल्याने उद्योगाला निम्मेच बिल येत होते. फरकाची मागणी १ कोटी ३५ लाखांवर गेली आणि न्यायालयाने ती वैध ठरवली. के. सी. निनान निकालाने (२०२३) गुंता बराच सोडवला: २ वर्षांची अट वीज तोडून वसुली करण्यापुरती आहे, दाव्याचा मार्ग स्वतंत्र आहे. पुरवठ्याच्या अटींत तरतूद असेल तर लिलावात जागा घेणाऱ्याकडूनही जुनी बाकी मागता येते, हेही त्याच निकालात आले. स्वस्तातली जागा घेणाऱ्याने हे आधी वाचलेले बरे.

दाव्याची मुदत सामान्यतः ३ वर्षे. प्रतिवादी कोण, हे आधी नीट ठरवावे लागते. बिल दुकानाच्या नावाने असले तरी मागे एकटा मालक, भागीदारी संस्था किंवा कंपनी असू शकते. कंपनीच्या बाकीसाठी संचालकाच्या घरावर सहसा जाता येत नाही. पुराव्यात वीजपुरवठ्याचा करार, ग्राहकाचा खातेउतारा, मीटर वाचनाच्या नोंदी आणि नोटीस पोचल्याची पावती लागते. खातेउतारा संगणकातून काढलेला असल्याने सोबत भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ चे प्रमाणपत्र हवे. कागद म्हणून किरकोळ, पण नसेल तर उतारा पुराव्यात वाचून घेणे अवघड. मीटर सदोष होता, टॅरिफ चुकीचे लावले, बाकी मुदतबाह्य आहे, हे कैफियतीतले, म्हणजे प्रतिवादीच्या लेखी उत्तरातले, नेहमीचे मुद्दे.

विद्युत अधिनियमाच्या कलम १२६ खालील अनधिकृत वापराच्या आकारणीला मात्र कलम १४५ मुळे दिवाणी न्यायालयात आव्हान देता येत नाही. त्यासाठी कलम १२७ चे अपील आहे. वाद व्यापारी स्वरूपाचा आणि किमान ३ लाखांचा असेल, तर वाणिज्य न्यायालयाचा रस्ता लागतो. तिथे तातडीचा दिलासा मागायचा नसल्यास दाव्याआधी मध्यस्थी सक्तीची आहे. पुष्कळ प्रकरणांत हप्ते बांधून तडजोड होते, कधी लोकअदालतीत.

दावा जिंकून हुकूमनामा मिळाला तरी त्याच्या अंमलबजावणीची दरखास्त लावून जप्ती करावी लागते. ग्राहक कंपनीने १ कोटी किंवा अधिक रक्कम थकवली असेल, तर वितरण कंपनी परिचालन धनको (माल किंवा सेवेचे पैसे येणे असलेला) म्हणून दिवाळखोरी संहितेखालीही जाऊ शकते. पण रकमेबद्दल आधीपासून खरा वाद असेल तर तो अर्ज टिकत नाही. ग्राहक कंपनी अवसायनात गेली, म्हणजे तिचा गाशा गुंडाळून मालमत्ता विकायला काढली, की धनकोंमधल्या वाटपाचा क्रम ही संहिता ठरवते. रमण इस्पात निकालाने (२०२३) वितरण कंपनीची थकबाकी सरकारी देण्यात मोजली नाही. मालमत्तेवर तिचा बोजा असल्याने वितरण कंपनीला सुरक्षित धनको, म्हणजे तारण असलेला धनको, मानले.