दोन ‘कलर पर्पल’ आणि त्यांच्यातला खरा फरक

‘द कलर पर्पल’ या कादंबरीवरून आलेल्या १९८५ आणि २०२३च्या सिनेमांबद्दल मराठीत काही वाचायला घेतलं की दोन्हींची सरमिसळ हमखास दिसते. फोटो २०२३च्या सिनेमातल्या फँटेजिया बरिनोचा आणि खाली दिग्दर्शक म्हणून १९८५च्या सिनेमाच्या स्पीलबर्गचं नाव. ‘ओप्रा विन्फ्रेने साकारलेली सेली’ असंही वाचलंय. १९८५मध्ये ओप्राने सोफिया केली, नायिका सेली केली व्हूपी गोल्डबर्गने. पण हे तपशील एकदा तपासले की सुटतात. न सुटणारा गोंधळ वेगळा आहे: २०२३चा सिनेमा म्हणजे १९८५च्या सिनेमात गाणी घालून केलेला रिमेक, ही समजूत. ती चुकीची आहे आणि तिच्यामुळे नव्या सिनेमाचं मूल्यमापन पहिल्या पावलालाच भरकटतं.

जुना सिनेमा तुम्ही पाहिलेला असणार, म्हणून थोडक्यात. विसाव्या शतकाच्या सुरुवातीचं जॉर्जिया. ज्याला बाप समजते त्याच्यापासून झालेली दोन मुलं सेलीकडून हिरावली जातात, तिला ‘मिस्टर’ म्हणवल्या जाणाऱ्या माणसाच्या गळ्यात बांधलं जातं, तो तिची बहीण नेटी हिला हाकलतो आणि नेटीची पत्रं वर्षानुवर्षं दडवून ठेवतो. मग शग एव्हरी नावाची गायिका घरात येते आणि सेली हळूहळू उभी राहते. ११ ऑस्कर नामांकनं, पुरस्कार एकही नाही.

एक गोष्ट इथेच सांगून टाकते, कारण ती दोन्ही सिनेमांबाबत चुकते. ही गुलामगिरीची कथा नाही. महात्मा फुल्यांनी ‘गुलामगिरी’ हे पुस्तक गुलामांच्या मुक्तीसाठी झटलेल्या अमेरिकेतल्या लोकांना १८७३ साली अर्पण केलं, तेव्हा सेलीचा जन्मही झालेला नाही. मिस्टर स्वतः कृष्णवर्णीय आहे आणि जमीनदार आहे. गोऱ्यांचा जुलूम मिस्टरच्या मुलाच्या बायकोच्या, सोफियाच्या, वाट्याला येतो, तोही भयंकर. पण सेलीवर हात उचलणारे तिच्या घरातले पुरुष आहेत. ॲलिस वॉकर यांच्या १९८२च्या कादंबरीचं धाडस नेमकं तिथे होतं आणि त्याबद्दल त्यांना स्वतःच्या समाजातूनही बोलणी खावी लागली.

आता मूळ मुद्दा. कादंबरीतून दोन वाटा फुटल्या. एक थेट स्पीलबर्गच्या सिनेमाकडे गेली. दुसरी २००५ साली ब्रॉडवेवर आलेल्या संगीत नाटकाकडे गेली, आणि ब्लिट्झ बझावुले या घानाच्या दिग्दर्शकाने २०२३ साली पडद्यावर आणलं ते हे नाटक. स्पीलबर्ग आणि ओप्रा त्यात फक्त निर्माते आहेत. फँटेजिया बरिनोने सेली आणि डॅनिएल ब्रुक्सने सोफिया आधी रंगभूमीवर केलेली होती. म्हणजे गाणी नंतर चिकटवलेली नाहीत. त्या रचनेत कथा गाण्यांतूनच पुढे जाते.

याने काय फरक पडतो? सेलीचं मन आपल्याला कधी आणि कसं कळतं, ते सगळंच बदलतं.

कादंबरी पत्रांची आहे. सेली घरात बोलत नाही, देवाला लिहिते. हे मौन पडद्यावर कसं दाखवायचं, हा खरा पेच होता. स्पीलबर्गने ते मौनच ठेवलं. पत्रांतलं थोडंसं निवेदन सोडलं तर व्हूपी गोल्डबर्ग कितीतरी वेळ नुसती पाहत राहते. हसताना तोंडावर हात धरते, आणि शग तो हात बाजूला करायला लावते तेव्हा प्रेक्षकाला तिचं हसू पहिल्यांदा नीट दिसतं. म्हणूनच जेवणाच्या टेबलावर ती मिस्टरला शाप देते तो प्रसंग एवढा अंगावर येतो. तो आवाज मिस्टरइतकाच आपल्यालाही नवा असतो.

२०२३मध्ये सेली सुरुवातीपासून गाते, पण तिच्या घरातल्या कुणालाच ते ऐकू येत नाही. संगीत नाटकं पाहिलेल्या मराठी माणसाला हे कळायला हवं: स्वगतातलं पद शेजारी उभ्या असलेल्या पात्रासाठी नसतं. शगला अंघोळ घालताना तो टब अवाढव्य ग्रामोफोनच्या फिरत्या तबकडीवर दिसतो, ते सेलीच्या डोक्यात चाललेलं असतं. ‘एवढं सोसणारी बाई नाचते-गाते कशी?’ असं विचारणाऱ्यांचा मला राग येतो तो यासाठी. सोसणं घरात चालू आहे, गाणं तिच्या आत आहे, आणि सिनेमा ही दोन्ही एकाच वेळी दाखवतोय.

याची किंमतही आहे. टेबलावरचा स्फोट इथे तुलनेने सौम्य वाटतो, कारण ही बाई आपल्या ओळखीची झालेली असते, धक्का फक्त मिस्टरला बसतो. नाटकाने कळस पुढे सरकवलाय, शेवटाकडच्या ‘आय ॲम हिअर’ या गाण्यावर. तिथे सेली कुणाला शाप देत नाही, मी सुंदर आहे आणि मी इथे आहे, एवढंच म्हणते. मला स्वतःला व्हूपीचं मौन जास्त भिडतं. ज्यांनी दोन्ही पाहिले नाहीत त्यांना मी आधी १९८५चाच पाहायला सांगेन. पण नव्या सिनेमात टेबलावरचा जुना स्फोट शोधत बसलात तर ते गाणं हातचं जाईल.

बाकीचे फरक लवकर सांगता येतात. सेली आणि शग कादंबरीत सरळसरळ एकमेकींच्या प्रेमात आहेत. जुन्या सिनेमात ते एका हळुवार चुंबनावर आटोपलं, आणि आपण ते सौम्य केल्याचं स्पीलबर्गने पुढे कबूलही केलं. नव्यात दोघींचं युगुलगीत आहे, संकोच कमी आहे, तरी कादंबरीएवढा मोकळेपणा नाहीच. सोफिया मात्र दोन्हीकडे दणदणीत आहे, नव्या सिनेमाला मिळालेलं एकमेव ऑस्कर नामांकन डॅनिएल ब्रुक्सचंच.

मिस्टरचं काय होतं, ते जास्त महत्त्वाचं. १९८५मध्ये तो नेटीच्या परतण्याची व्यवस्था गुपचूप करतो आणि बहिणी भेटतात तेव्हा लांब शेतात एकटा उभा राहतो. २०२३मध्ये तो सेलीच्या दुकानात येऊन तिने शिवलेली पँट विकत घेतो आणि शेवटी सगळ्यांच्या पंगतीला बसतो. कादंबरीच्या जवळ जाणारा शेवट हाच, तिथे तर दोघं ओसरीवर बसून एकत्र शिवणकाम करतात. पण वॉकर यांनी त्याला बदलायला पुरेसा अवधी दिला होता. इथे मिस्टरच्या भूमिकेत कोलमन डोमिंगोसारखा नट हाताशी असून तो बदल मोजक्या प्रसंगांत उरकलाय. गाण्यांना नावं ठेवणाऱ्यांनी बोट ठेवायला हवं होतं ते इथे.