नावात कंद, जाहिरातीत हार्मोन

गेल्या महिन्यात आमच्या सोसायटीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर एकाच दिवशी दोन निरोप आले. सकाळच्या निरोपाचं म्हणणं, मेथ्यांमध्ये ‘स्टिरॉइड’ असतं, तेव्हा मेथीचे लाडू ताबडतोब बंद करा. संध्याकाळी दुसऱ्याच कुणीतरी एका क्रीमची जाहिरात टाकली: रानकंदातलं नैसर्गिक प्रोजेस्टेरॉन (बायकांच्या शरीरातलं एक हार्मोन), पन्नाशीच्या बायकांसाठी, गोळ्यांची गरजच नाही. दोन्हीकडे नाव एकच होतं, डायोसजेनिन, मेथ्यांत आणि काही रानकंदांत असणारं रसायन. सकाळी विष आणि दिवेलागणीला अमृत! जाहिरातीत वर अशीही माहिती होती की ‘डायोस म्हणजे देव’.

ठाणे-बेलापूर पट्ट्यातल्या एका औषध कारखान्यात मी बरीच वर्षं क्यूसीत, म्हणजे मालाचा दर्जा तपासण्याच्या विभागात, काढली. आमच्याकडे पांढऱ्या पावडरीचे ड्रम यायचे, त्यांवर ‘१६-डीपीए’ असं लिहिलेलं असायचं. ही पावडर डायोसजेनिनपासूनच बनवतात, म्हणजे त्याचीच पुढची पिढी. त्यामुळे गप्प बसवेना.

आधी नावाकडे बघू. ‘डायोस’ आला आहे डायोस्कोरिया या वनस्पतीकुलाच्या नावातून. आपलं कोनफळ आणि करांदा याच कुळातले. कुळाला हे नाव मिळालं डायोस्कोरिडीस या ग्रीक वैद्यावरून. तो पहिल्या शतकात, रोमन सम्राट नीरोच्या काळात होऊन गेला आणि त्याचा औषधी वनस्पतींवरचा ग्रंथ युरोपात पुढे दीड हजार वर्षं प्रमाण मानला गेला. लिनियस या स्वीडिश वनस्पतिशास्त्रज्ञाने 1753 मध्ये हे कुलनाम आपल्या पुस्तकात पक्कं केलं. आता या वैद्याच्या नावातही ‘डायोस्कुरी’ म्हणजे झ्यूस देवाचे जुळे मुलगे, कॅस्टर आणि पोलक्स, दडलेले आहेतच. आपण त्या दोन ताऱ्यांना पुनर्वसू म्हणतो. म्हणजे देव आहे, पण जुळ्यांचा बाप म्हणून, आणि वैद्य, कंद, रसायन इतके मुक्काम ओलांडल्यावर. रसायनाच्या गुणाशी त्याचा काडीचा संबंध नाही.

‘जेनिन’चाही जनुकाशी संबंध नाही. कंदात हे रसायन सुटं नसतं, त्याला साखरेचे रेणू चिकटलेले असतात. साखरेसकटच्या त्या जोडीला सॅपोनिन म्हणतात. लॅटिनमध्ये ‘सापो’ म्हणजे साबण. असली रसायनं पाण्यात घुसळली की फेस येतो. रिठ्याचा फेस सॅपोनिनांचाच, आणि रिठ्याच्या शास्त्रीय नावातही, सॅपिंडस या शब्दात, ‘भारतीय साबण’च लपलाय. आम्लात उकळून साखर काढून टाकली की उरतं ते सॅपोजेनिन, सॅपोनिनचं जनक. हा ‘जेन’ आणि आपल्या संस्कृतातला ‘जन्’ धातू हे एकाच घराण्यातले. तर डायोस्कोरियातल्या सॅपोनिनचं नाव डायोसिन, आणि त्यातली साखर काढल्यावर उरणारं ते डायोसजेनिन. 1930च्या दशकात जपानी रसायनशास्त्रज्ञांनी तिकडच्या एका डायोस्कोरियातून ते वेगळं केलं.

अशी नावं म्हणजे गावावरून पडलेली आडनावं. ठाणेकर आडनावाचा माणूस चांगला की वाईट हे आडनावावरून कळत नाही, मूळ गाव फार तर कळतं. क्लोरोजेनिन घ्या. त्यात क्लोरीनचा एकही अणू नाही. क्लोरोगॅलम नावाच्या झाडात सापडलं एवढंच. मेक्सोजेनिन मेक्सिकोचं, टेक्सोजेनिन टेक्ससचं. डिजिटॅलिस या झाडातून एकाहून अधिक सॅपोजेनिनं निघाली तेव्हा डिजिटोजेनिन, जिटोजेनिन, टिगोजेनिन अशी नावं पडली. रोमन लिपीत लिहून पाहिलीत तर तीच अक्षरं उलटसुलट फिरवलेली दिसतील. कल्पना संपली की रसायनशास्त्रज्ञही बारशाला कंटाळतात.

गंमत कडू करांद्याची. पावसाळ्यात येऊरकडच्या आदिवासी बायका ठाण्याच्या बाजारात रानभाज्या घेऊन बसतात. त्यांना विचाराल तर कडू करांदा तसाच खायचा नाही, राख घालून उकडायचा, वाहत्या पाण्यात ठेवायचा, हे त्या सांगतील. त्याच्या कडूपणात नि विषारीपणात मोठा वाटा डायोस्बल्बिन नावाच्या रसायनांचा आहे. इथेही ‘डायोस’ आहेच, पण ही स्टिरॉइडं नव्हेत, निराळ्याच घराण्यातली डायटर्पिनॉइडं आहेत. गाव एक, घराणी दोन.

आता ‘स्टिरॉइड’ या शब्दाची भीती. कार्बनची चार कडी एकमेकांना चिकटून बसलेली, तीन सहा-सहा अणूंची आणि चौथं पाच अणूंचं, असा 17 कार्बनचा सांगाडा ज्याच्यात, तो रेणू स्टिरॉइड. रक्तातलं कोलेस्टेरॉल, अंडाशयातलं प्रोजेस्टेरॉन, पुरुषांतलं टेस्टोस्टेरॉन, दम्याच्या काही पंपांतलं औषध, सगळी याच सांगाड्यावर उभी. डॉक्टर ‘स्टिरॉइड’ म्हणतात तेव्हा त्यांच्या मनात कॉर्टिसोनच्या जातीची औषधं असतात, जिमवाले म्हणतात तेव्हा टेस्टोस्टेरॉनच्या जातीची. वनस्पतीचं स्टिरॉइड यांतलं काहीच नसू शकतं. मेथ्यांमध्ये डायोसजेनिन शेकड्याला एकाच्या आसपास, बऱ्याचदा त्याहून कमी असतं, आणि तेही साखरेला बांधलेलं. लाडूंवर बंदी घालण्याचं कारण त्यात नाही. तुपाचं प्रमाण हा वेगळा विषय.

मग हा कंद हार्मोनच्या गोष्टीत आला कुठून? इथे माझा आवडता माणूस येतो, रसेल मार्कर. हा अमेरिकी रसायनशास्त्रज्ञ इतका हट्टी की एक राहिलेला विषय शिकायला नको म्हणून त्याने पीएच.डी.वरच पाणी सोडलं. 1930च्या दशकाच्या शेवटी प्रोजेस्टेरॉन सोन्याहून महाग होतं, कारण ते जनावरांच्या अवयवांतून किंवा कोलेस्टेरॉलपासून मोठ्या कष्टाने काढावं लागे. मार्करच्या लक्षात आलं की सॅपोजेनिनांचा सांगाडा तोच आहे, फक्त शेपूट तोडता आली पाहिजे.

ती शेपूट नीट समजून घेऊ. कोलेस्टेरॉलमध्ये 27 कार्बन असतात: सांगाडा, त्यावरचे दोन छोटे गट आणि 17व्या कार्बनवरून लोंबणारी आठ कार्बनांची मोकळी शेपूट. डायोसजेनिनमध्येही 27च. पण त्याची शेपूट मोकळी लोंबत नाही. ती वळून सांगाड्याला येऊन चिकटते आणि चार कड्यांवर आणखी दोन कडी तयार होतात. या दोन नव्या कड्यांचा सांधा म्हणजे 22 क्रमांकाचा कार्बन. त्याच्या चारही हातांत काही ना काही आहे: एका हातात 20वा कार्बन, दुसऱ्यात 23वा, आणि उरलेल्या दोघांत एकेक ऑक्सिजन. कडीकोयंडा घातलेलं दार म्हणा ना. हे 22 आणि 20 आकडे लक्षात ठेवा, लागणार आहेत.

मार्करने काय केलं? डायोसजेनिन ॲसेटिक ॲनहायड्राइडबरोबर बंद भांड्यात 200 अंश सेल्सियसच्या आसपास तापवलं. त्या तापाने बाहेरचं कडं उघडलं आणि 20 व 22 या कार्बनांमध्ये दुहेरी बंध तयार झाला. दुहेरी बंध म्हणजे रसायनशास्त्रज्ञाला ‘इथे कापा’ अशी खूणच. मग क्रोमिक आम्ल घातलं. त्याचा नारिंगी रंग काम होता होता हिरवा होत जातो (पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मी भांड्यासमोरून हलले नव्हते), आणि तेवढ्या वेळात 20 व 22 मधला बंध तुटलेला असतो. पण तुटलेला तुकडा लगेच पडत नाही. 16व्या कार्बनवरच्या ऑक्सिजनला धरून तो लटकत राहतो. ॲसेटिक आम्लात उकळलं की मग तो सहा कार्बनांचा तुकडा सुटतो आणि जाता जाता 16-17 मध्ये दुहेरी बंध ठेवून जातो. 27 वजा 6, उरले 21. हेच ते १६-डीपीए. पुढे त्या बंधावर हायड्रोजन चढवायचा, तिसऱ्या कार्बनवरच्या हायड्रॉक्सिलचं (ऑक्सिजन-हायड्रोजनच्या जोडीचं) कीटोन (दुहेरी बंधाने जोडलेला ऑक्सिजन) करायचं, पाचव्या-सहाव्यामधला दुहेरी बंध चौथ्या-पाचव्यावर सरकवायचा, की प्रोजेस्टेरॉन. यातले तिसऱ्यावरचं हायड्रॉक्सिल आणि पाचव्या-सहाव्यामधला बंध डायोसजेनिनमध्ये आयतेच, कोलेस्टेरॉलसारख्याच जागी असतात. म्हणूनच इतर सॅपोजेनिनं सोडून मार्कर याच्यामागे लागला.

आणि आता जे मला अजूनही थक्क करतं ते. आपलं शरीरही प्रोजेस्टेरॉन बनवताना कोलेस्टेरॉलची शेपूट नेमकी तिथेच कापतं, 20 आणि 22च्या मध्ये! तोडला जाणारा तुकडाही सहा कार्बनांचाच. हे काम पेशींच्या मायटोकॉन्ड्रियातलं एक विकर (एन्झाइम) करतं. ते आधी 22व्या कार्बनवरचा एक हायड्रोजन काढून तिथे हायड्रॉक्सिल बसवतं, मग 20व्यावर बसवतं, आणि मग मधला बंध तोडतं. शरीराने न दाखवता केलेलं काम मार्करने 200 अंशांच्या तापात आणि क्रोमिक आम्लात केलं.

मग तेच विकर डायोसजेनिन का कापत नाही? चार हात आठवा. डायोसजेनिनच्या 22व्या कार्बनवर हायड्रोजन उरलेलाच नाही. पहिल्याच पायरीला हात घालायला जागा नाही. शिवाय पोटात 200 अंश नाहीत, क्रोमिक आम्लही नाही (आणि नसलेलंच बरं, ते कर्करोगकारक आहे). खाल्लेलं डायोसजेनिन आतड्यातून शोषलंही फारसं जात नाही. तर रानकंद खाऊन किंवा हातापायांना चोळून शरीरात प्रोजेस्टेरॉन तयार होत नाही. या जाहिरातींतलं अर्धसत्य इथे आहे: कंदापासून प्रोजेस्टेरॉन बनतं हे खरं, पण कारखान्यात. शेतातल्या कापसावर लोळून अंगात सदरा येत नाही, तसंच.

मार्करची पुढची गोष्ट भराभर सांगते. 1941-42च्या सुमारास तो मेक्सिकोतल्या व्हेराक्रूझ भागात ‘काबेसा दे नेग्रो’ नावाचा कंद शोधत गेला. एक कंद तर वीस-बावीस किलोंचा. अमेरिकेतल्या औषध कंपनीला मेक्सिकोत पैसे घालायची इच्छा नव्हती, म्हणून त्याने स्वतःच कंद गोळा करून साधारण तीन किलो प्रोजेस्टेरॉन बनवलं. तेव्हा भाव होता ग्रॅमला 80 डॉलरच्या घरात. 1944 मध्ये मेक्सिको सिटीत भागीदारांबरोबर त्याने सिंटेक्स कंपनी काढली. नाव सिंथेसिस आणि मेक्सिको या शब्दांचे तुकडे जोडून केलेलं. वर्षभरात भांडण झालं आणि तो निघून गेला. मागे राहिलेल्या बाटल्यांवर सांकेतिक खुणा, त्यामुळे पद्धत कुणालाच ठाऊक नव्हती. जॉर्ज रोझेनक्रान्झ या रसायनशास्त्रज्ञाला बोलावून ती पुन्हा उभी करावी लागली. 1951 मध्ये त्याच प्रयोगशाळेत कार्ल जेरासी, रोझेनक्रान्झ आणि लुईस मिरामोंतेस यांनी नॉरएथिस्टेरॉन बनवलं, जे पुढे गर्भनिरोधक गोळ्यांत गेलं. तोवर बार्बास्को नावाचा आणखी समृद्ध कंद सापडला होता आणि प्रोजेस्टेरॉनचा भाव पार कोसळला होता.

आपल्याकडे हिमालयातला डायोस्कोरिया डेल्टॉइडिया असाच ओरबाडला गेला. आज त्याच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावर नियंत्रण आहे. कोकणात पावसाळ्यात पांढऱ्या फुलांनी सजणाऱ्या पेवाच्या गड्ड्यांतही डायोसजेनिन असतं. आणि कुंपणाला लावतात ते घायपात घ्या. त्यातल्या हेकोजेनिनपासून ब्रिटनमध्ये कॉर्टिसोनच्या जातीची औषधं बनवली जात. हेकोजेनिन हे नाव मात्र घायपाताचं नाही, ते आधी हेक्टिया नावाच्या दुसऱ्याच झाडात सापडलं म्हणून. आडनाव एका गावचं, वस्ती दुसऱ्या गावात.

हे सगळं ग्रुपवर लिहायची सोय नव्हती, म्हणून जाहिरात टाकणाऱ्या वहिनींच्या घरी जाऊन क्रीमचा डबाच पाहिला. घटकांत लिहिलं होतं ‘रानकंदाचा अर्क’. म्हटलं, हे नुसतं कंदाचं क्रीम आहे, त्वचा मऊ राहील. पण कधी एखाद्या डब्यावर घटकांत थेट ‘प्रोजेस्टेरॉन’ लिहिलेलं दिसलं, तर मात्र तो खरा हार्मोन; परदेशात असल्या काही क्रीमांमध्ये तो मिसळलेला असतो. तसा डबा डॉक्टरांना दाखवल्याशिवाय उघडायचा नाही. वहिनी म्हणाल्या, ‘मग बाराशे रुपये कंदाचे दिले का मी?’ कोनफळ बाजारात काय भावाने मिळतं ते त्यांना माहीत होतं.