मूर्ती घडतानाची फिल्म : पार्श्वभूमी

तयार कलाकृतीचं चित्रण करणारे पुष्कळ. ती घडताना, फसताना कॅमेरा लावून बसणारे स्वतंत्र दिग्दर्शक बेळगाव-खानापूर-निपाणी पट्ट्यात आत्ता आत्ता दिसू लागलेत. मूर्तिशाळा, नाटकाची तालीम, शहापूरचे माग हे त्यांचे विषय.

कल्पना जुनीच. भारतीय चित्रपटाच्या जनकाने १९१७ मध्येच चित्रपट कसा तयार होतो हे दाखवणारी छोटी फिल्म काढली होती. पण पुढची कित्येक वर्षं अडचण रिळाची होती. १६ एमएमचं ४०० फुटी रीळ जेमतेम ११ मिनिटं चाले. शाडूचा हात दोनदा मोडून तिसऱ्यांदा जमेपर्यंत रीळ संपलेलं. १९४८ नंतरच्या सरकारी माहितीपटांतला कारागीर म्हणूनच बहुधा कधी चुकत नाही, वर निवेदकाचा भारदस्त आवाज.

खरा फरक पडला मिनी डीव्ही या छोट्या डिजिटल व्हिडिओ कॅसेटने. लग्नाचं शूटिंग करणाऱ्याकडचा कॅमेरा मुहूर्त नसलेल्या दिवशी भाड्याने घ्यायचा. कॅसेट ६० मिनिटांची. संगणकावर उतरवली की सुमारे १३ जीबी. ८० जीबीची हार्ड डिस्क पाच-सहा कॅसेटींत भरे. मग जागा करायला जे पुसायचं, ते नेमकं फसलेल्या प्रयत्नांचं फुटेज!

नेमक्या याच काळात प्रमाणपत्राचा वाद पेटला. मुंबईत १९९० पासून भरणाऱ्या माहितीपट महोत्सवाने २००४ च्या खेपेला भारतीय प्रवेशिकांना सेन्सॉरचं प्रमाणपत्र सक्तीचं केलं. परदेशी फिल्म्सना मात्र ते लागणार नव्हतं. दिग्दर्शक एकवटले, अट मागे घेतली गेली. नंतर बऱ्याच फिल्म्स निवडीतच गळल्या, तेव्हा मुंबईतच त्याच दिवसांत पर्यायी महोत्सव भरला. या वादाची चर्चा राजकीय फिल्म्सपुरतीच झाली, हे खटकतं. घडणीवरच्या फिल्मची अडचण निराळी होती. तेव्हाच्या १९८३ च्या नियमांनुसार प्रमाणपत्र मिळाल्यावर केलेला प्रत्येक बदल सेन्सॉर मंडळाला कळवणं भाग होतं. मूर्तिकाराने पुढच्या वर्षी तोच साचा बदलला आणि दिग्दर्शकाने तो भाग जोडला, की पुन्हा कागद. मंडळाचं कर्नाटकातलं प्रादेशिक कार्यालय बेंगळुरूला, बेळगावहून सुमारे ५०० किलोमीटर. मुंबईकर दिग्दर्शकाला लोकलने उरकता येणारं काम इथे रात्रीच्या गाडीचं असे. प्रमाणपत्र नको म्हणून कुणी फिल्म घरच्या बैठकीतच दाखवली, तर त्याला पळवाट म्हणणं मला तरी जड जातं.

पुढे मोबाइल आला, साठवणीचा प्रश्न बराचसा मिटला. माहितीपट काढणारी जुनी सरकारी संस्था २०२२ मध्ये दुसऱ्या सरकारी महामंडळात विलीन झाली. सेन्सॉरच्या कायद्यातल्या २०२३ च्या दुरुस्तीने प्रमाणपत्राची दहा वर्षांची मुदत गेली, २०२४ मध्ये नवे नियम आले; अर्जाचं काम २०१७ पासूनच ऑनलाइन होऊ लागलं होतं. तिकीट लावून हॉलमध्ये खेळ करायचा, तर प्रमाणपत्र मागणारा १९५२ चा सिनेमॅटोग्राफ कायदा अजूनही लागू आहे.