मल्याळम सिनेमाचा वास्तववाद ओटीटीतून आला?

‘मल्याळम सिनेमा लॉकडाऊनमध्ये, ओटीटीमुळे वास्तववादी झाला’ हे वाक्य गेली काही वर्षं सगळीकडे फिरतंय. ते चूक आहे. ओटीटीमुळे हे चित्रपट आपल्यापर्यंत पोचले, एवढंच खरं.

१९५४चा ‘नीलक्कुयिल’ घ्या. शाळामास्तर आणि दलित तरुणी यांचं प्रेम, तिला दिवस जातात आणि जातीच्या भीतीने मास्तर हात झटकतो. पटकथा लिहिली कादंबरीकार उरूब यांनी. संगीतकार के. राघवन यांनी हिंदी चाली उसन्या न घेता मलबारच्या मुस्लिमांची माप्पिळा गाणी आणि लोकगीतं वापरली, आणि ती गाणी केरळात घरोघरी गेली. सिनेमाने लोकांकडून घेतलेलं असं लोकांनाच परत दिलं. मला ही देवाणघेवाण फार मोलाची वाटते. या चित्रपटाला राष्ट्रपतींचं रौप्यपदक मिळालं.

मग १९६५चा ‘चेम्मीन’, लेखक तकळी शिवशंकर पिळ्ळै यांनी कोळी समाजावर लिहिलेल्या कादंबरीवरून. त्याला सुवर्णपदक. (त्याचं संगीत बंगालच्या सलील चौधरींचं!)

हे एकाएकी घडलं नव्हतं. पी. एन. पणिक्करांनी १९४५पासून केरळभर ग्रंथालयांची चळवळ उभी केली. गावोगावी वाचणारी माणसं होती, राजकीय नाटकं बघणारी माणसं होती. १९६५ साली, पुढे दिग्दर्शक म्हणून गाजलेले अदूर गोपालकृष्णन आणि त्यांच्या सोबत्यांनी तिरुवनंतपुरममध्ये ‘चित्रलेखा’ फिल्म सोसायटी काढली, तेव्हा तिला असा प्रेक्षक आयता मिळाला. अदूर यांचा ‘स्वयंवरम्’ हा चित्रपट आला १९७२मध्ये, म्हणजे ओटीटीच्या कितीतरी आधी.